बर्फाचा खडा

दिवाळे गावच्या बाजारात सकाळी
चांगुणाचे डोळे ताज्या हलव्यासारखे लख्ख.
चारनंतर डावी पापणी ढळते;
गिऱ्हाईक एक, दिसतात दोन,
पैसे एकाचेच.

नेरूळची डॉक्टरीण पापणीवर बर्फ धरते.
"बरफ? त्यान त माजा जलम गेला!"
दोन मिनिटं. पापणी वर.

डॉक्टरीण सांगते: नस निरोप धाडते,
स्नायूच्या दारावर दोन थापा पडल्या
की ते उघडतं, खारं आत शिरतं,
स्नायू आवळतो.
तुमच्याच रक्तातल्या राखणदारांनी
पुष्कळ दारं मोडलीत, मावशी.
थंडीत निरोप जरा जास्त टिकतो, एवढंच.

"म्हन्जे उघाडीतून भरतीचा पानी?"
"तसंच."

आता पाटीतला एक खडा
चांगुणा माशांना देत नाही.
शेवटचं गिऱ्हाईक
तिला एकच दिसायला हवं.