निशाणी बांगडी

पेशवे दफ्तरात रुमाल सोडायचं काम माझं,
वाचायचं खिलारे मॅडमचं.
सात वर्षं. डबा खिडकीत ठेवायचा
आणि मोडीत शिरायचं.

सासवडकडची कुणी बाई, तिची फिर्याद:
धनी वारले, जमीन दिरानं बळकावली.
सहीच्या जागी एक गोल. निशाणी बांगडी.
साहेबाच्या दुभाष्यानं तो इंग्रजीत नेला
तर त्याचं शून्य झालं,
आणि शून्याला कोण जमीन देतं?
दावा खारीज.

मॅडमचा सगळा प्रबंध त्या गोलाभोवती फिरतो.
कायद्याला कुणाची भाषा ऐकू येते, वगैरे.
चहा आणला की सांगतात. थोडं समजतं.

परवा कौन्सिल हॉलकडून मोर्च्याचा भोंगा येत होता,
रुमाल बांधता बांधता मी सहज बोललो:
मॅडम, धनी वारलेले ना?
मग हातात बांगडी कुठली?

त्यांनी पेन्सिल ठेवली.
गोल आपल्याच कारकुनानं काढला असणार,
बाईच्या नावापुढं काढतात तसा, सवयीनं,
तिला न विचारता.

साहेबावर लिहिलेली तीनशे पानं
पंख्याखाली फडफडत राहिली.
पाच वाजून गेले तरी
मी दिवे घालवले नाहीत.