डावखुरी

यारी लावून तेवीस वर्षं झाली मला.
फुटाफुटानं जमीन ओळखतो:
आधी मुरूम, मग मांजऱ्या,
मग काळा फत्तर,
सुरुंगालाही दाद न देणारा.

डफळापूरच्या वर, बिरादारांच्या विहिरीत
बेचाळीस फुटांवर
पहारीचा आवाजच बदलला.
दोन फत्तरांच्या मध्ये वीतभर राखाडी थर
आणि त्यात गोगलगाई,
दगड झालेल्या,
तरी पाठीवरचे वेढे मोजता येतील अशा.

मिरजेहून मुजावर मॅडम आल्या.
चपला काठावर सोडून
डोलात उभ्या राहून खाली उतरल्या.
"टोक वर धर. तोंड कुठल्या बाजूला?"
"डावीकडं."
"बहुतेक शंख उजवे असतात. ही डावखुरी."
मीही घण डाव्या हातानंच उचलतो.
बोललो नाही.

हीच त्यांना सनमडीला सापडलेली,
सत्तर फुटांवर.
मग तो थर निराळा, मी म्हटलं.
"खोलीवर जाऊ नको, तिमाण्णा.
थर कलतो, खचतो.
हिला विचार.
ही इथं आणि तिथंही, म्हणजे काळ एकच:
एक लाव्हा थंडावला, दुसरा यायचा होता,
मधल्या उसंतीत साचलेलं पाणी."
आणि वर्षं?
ती वरच्या-खालच्या फत्तरातून काढतात,
साडेसहा कोटींच्या आसपास.
हिनं एवढंच सांगायचं,
मी ह्या दोघांच्या मधली.

"साक्षीदार असा हवा,
थोडाच काळ जगलेला
पण गावोगाव पसरलेला.
जो कायमच होता
त्याला साल विचारून काय उपयोग?"

हे मला ठाऊक होतं.
जुन्या विहिरींचा गाळ काढतो मी.
खापरं तर हातहातभर खोलीला लागतात,
ती काहीच सांगत नाहीत.
पण कमळाचं, पितळी, वीस पैशाचं नाणं निघालं
की मी खालून ओरडतो,
बहात्तरच्या दुष्काळापाशी आलो रे!
चारदोन वर्षंच पाडलं ते,
आणि ज्याच्या-त्याच्या कनवटीला होतं.

मॅडम हसल्या नाहीत.
वहीत लिहून घेतलं त्यांनी:
गाळ. नाणं. तिमाण्णा धोत्रे.
माझं नाव आजवर
फक्त उचलीच्या हिशोबात लिहिलेलं.

वरून अण्णाप्पा बिरादार डोकावले,
"पाणी लागलं का?"

तळ्याच्या बुडाशी उभे होतो आम्ही दोघं,
पाय कोरडे.
"अजून नाही," मी म्हटलं.