चावीवाला सांगतो

चावी म्हणजे लोखंडाचा टी, माझ्या छातीइतका.
जमिनीत घालायची, फिरवायची, मोजायचं.
बावीस वर्षं रोजंदारी. गंगावेस ते शुक्रवार पेठ,
कुठल्या गल्लीला किती फेरे हे कुठल्या वहीत नाही,
माझ्या खांद्यात आहे.

शालनवहिनी तेव्हा नुसत्या माजगावकरांच्या सूनबाई.
पहाटे साडेचारला मी जायचो तेव्हा
दारात शाडू मळत बसलेल्या.
"आला का रं," म्हणायच्या, मान वर न करता.

मग सोडत निघाली.
महापालिका शाळेतल्या एका पोरानं काचेच्या भांड्यात हात घातला
आणि आमचा वॉर्ड बाई झाला, तीही ओबीसी.
बाजीरावांनी दोन वर्षं तालमीच्या कट्ट्यावर
पोरांना मिसळ चारली होती.
ती सगळी मिसळ वहिनींच्या नावावर फिरली.
डिजिटल बोर्डावर बाजीराव केवढे थोरले,
कोपऱ्यात वहिनी, पासपोर्टएवढ्या.
एकसष्ट मतांनी आल्या.

पहिल्या सभेला नवरा गॅलरीत.
त्याची भुवई उडाली की हात वर करायचा, असं ठरलेलं.
वहिनी चष्मा घरी विसरल्या.
मुद्दाम, हे मला पुढं कधीतरी सांगितलं.
सांगताना हसल्या नाहीत.

एका पहाटे माझ्या मागून चालत आल्या.
"हितनं पाणी कुठं जातं?"
मी म्हटलं, वहिनी, हे नगरसेवकाचं काम न्हवं.
त्यांनी चावीच्या दांड्याला कान लावला,
मडकं कच्चं की भाजलेलं टिचकीवर ओळखणारा कान.
"हितं गळतंय."
खोदलं. गळत नव्हतं,
दीड इंचाची लाइन गुपचूप एका लॉजकडं वळली होती.
लॉज कुणाचं ते आख्ख्या पेठेला माहीत.

माळकर तिकटीच्या त्या सभागृहात
वहिनींनी व्हॉल्व्हचे नंबर वाचले, सतरा मिनिटं.
मागून कोणतरी म्हणालं, पाढे म्हणताय काय?
लाइन तुटली. तोडायला मीच होतो,
पोलीस बंदोबस्तात, घाम पुसत.

आता सांगायचंच तर सगळं सांगतो.
पेव्हर ब्लॉकवाला दिवाळीला यायचा, पिशवी ठेवून जायचा.
पिशवी परत जाताना मी बघितली नाही.
आणि कुंभार गल्लीला चार फेरे जास्त मिळायचे.
वहिनींनी कधी सांगितलं नव्हतं,
मी फिरवायचो.
त्यांनी कधी थांबवलंही नाही.

सभापतिपद वाटून खायचं ठरलेलं.
वहिनींच्या पाळीला अडीच महिने.
केबिनच्या पाटीचा रंग वाळतोय तोवर कागद आला:
जात पडताळणीचा दाखला मुदतीत नाही, पद रद्द.
कोपरापर्यंत माती असलेल्या बाईला
सरकार विचारत होतं, तू कुंभार कशावरून?
पणजोबांचा शाळेचा दाखला काढा म्हणाले.
"पणजोबा शाळंत गेला असता
तर तुमच्या आज्यानं पाणी कशातनं प्यालं असतं?"

दाखला आला नंतर. टपालानं, एकोणीस दिवस उशिरा.
वहिनींनी तो गणपतीच्या साच्याखाली घातला,
साचा डुगडुगत होता म्हणून.

महापुरात साचेही गेले.
नदी माजघरात, नळाला थेंब नाही,
उपसा केंद्र पाण्याखाली.
पत्र्यावरनं वहिनींचा फोन:
"गल्लीचा व्हॉल्व्ह बंद कर, घाण लाइनीत शिरंल."
आता तुम्ही कुठं नगरसेवक, हे तोंडाशी आलं होतं.
छातीभर पाण्यात उतरलो,
पायानं झाकण चाचपलं.

नंतर कितीतरी वर्षं सभागृहच नव्हतं.
प्रशासक, आणि खुर्च्यांवर कापड.
बाजीराव पुन्हा कट्ट्यावर मिसळ चारतात,
सोडत कुणाची निघंल सांगता येत नाही.

पहाटे वहिनी दारात असतात.
"आला का रं. आज किती?"
मी आकडा सांगतो.
त्या मळत राहतात.
आकडा खरा की खोटा,
माझ्या खांद्याकडं बघून ओळखत असणार.