वाढप्याची नजर

तीस वर्षं पंगती वाढल्या,
लग्नाच्या, तेरवीच्या,
आर्णीपासून पार पैनगंगेच्या काठापर्यंत.
एका हातात वरणाची बादली, एका हातात पळी.
वाढप्या माणसाचं तोंड पाहत नाही,
पत्रावळ पाहतो.

कोण बुंदी रुमालात बांधतो नातवासाठी,
कोण भाताचं आळं करून वरणाची वाट पाहतो,
कोण नको नको म्हणत हात आडवा धरतो
पण बोटं फाकवून,
सगळं ठाऊक.

एकदा डोमाजी राऊत चार वेळा म्हणाला,
"कढी वाढ गा, पातळ पाह्यजे."
पोळ्या तशाच पडलेल्या.
दर घासामागे लोटा उचलायचा,
मान वर करायचा, पाणी पिणाऱ्या कोंबडीसारखी.
मी हसलो. म्हटलं, "कढीच्या लग्नाले आला का बे?"
पंगत हसली. तोही हसला, ठसका लागेस्तोवर.
पुढच्या उन्हाळ्यात त्याच्याच तेरवीला वाढायला गेलो.
कढी केली होती.
ती बादली दुसऱ्या पोराला दिली मी.

तेव्हापासून गळेही पाहू लागलो.
पण परक्यांचे.
घरची पंगत मी कधी वाढली नव्हती.
पंचफुला सगळ्यांमागून जेवते,
चुलीकडे तोंड, दाराकडे पाठ,
तिच्या ताटात काय पडलं याला साक्षीदार एक मांजर.

परवाचं लग्न हळदीतच बिनसलं,
म्हणून भरदुपारी घरी आलो.
ती जेवत होती.
भाकर वरणाच्या पाण्यात कुस्करून कुस्करून
तिची पेज झालेली.
एक घास घेतला. थांबली.
छातीच्या मधोमध मूठ ठेवली हलकेच,
आतून कडी लावलेलं दार
शेजाऱ्याला कळू न देता ठोठावावं तशी.
मग पाणी. मग उठली, दोन पावलं चालली,
घास उतरतो का, कान देऊन ऐकल्यासारखी.

"कवापासून?"
"काय कवापासून?"
"हे."
"तूर सोंगली तवापासून. भाकर अडते जराशीक.
भात जाते ना! गॅस हाय, दुसरं काय."

तूर सोंगून तीन महिने झाले.
बाहीत तिचा दंड सैल फिरतो,
तेही मला त्याच दिवशी दिसलं.

आशाताई प्रणिता उंबऱ्यातच बसली, म्हणाली,
"काका, आधी भाकर अडते, मंग भात, मंग पाणी.
लोक पाणी अडल्यावर येतात.
तुम्ही भाकरीवरच उठा."

सहाची एसटी, यवतमाळ. उपाशीपोटी.
"मले नळी नको, मले घास पाह्यजे,"
सगळ्या रस्ताभर हेच.
डॉक्टरीण पोरसवदा. विचारलं, नस लावता दाताला?
पंचफुलानं माझ्याकडे पाहिलं,
डबी मी लपवली असती तर बरं, अशा डोळ्यांनी.
चहा फार कढत पिता?
"थंडा चहा कोन पेते बाई?"

घशात फवारा मारून ते बधिर केलं,
मग डोळा असलेली काळी नळी आत.
नंतर पडद्यावर मलाही दाखवलं:
गुलाबी, ओली, लांब वाट,
जिच्यातून माझ्या संसाराचं उष्टं खाली गेलं,
आणि एका वळणाशी पांढुरकं काही,
तुरीच्या डाळीएवढं.
"तुकडा तपासायला पाठवलाय.
नुसतं आकसणं असेल, नाहीतर दुसरं काही.
पण वाट अजून उघडी आहे. लवकर आलात."

लवकर.
तो शब्द मी गाडीभर चघळला.
तीन महिने म्हणजे लवकर,
तर डोमाजीला कढी वाढली तेव्हा काय वाजले होते?

आता तिचं ताट आधी.
मी समोर बसतो, तिच्या गळ्याकडे पाहत.
ती पदर ओढून घेते, म्हणते,
"असे पाहू नका जी, घास नाई उतरत."
लाजेनं उतरत नाही की आणखी कशानं,
ते सोमवारी कळेल.

तोवर पळी माझ्या हातात.
वरण पातळच केलंय.