धुरातला बांबू

शेडच्या कुलपाची किल्ली माझ्याकडं असते,
म्हणून इशिदा म्हातारा मला सगळ्यांआधी दिसला.
चपला दाराबाहेर काढून
तो डेपोतून आलेल्या हिरव्या बांबूंपुढं वाकला,
आणि मग आमच्यापुढं.
बायका पदराआड हसल्या.
भागरताबाई तेवढी कत्तीला पाणी लावत राहिली.

दोन दिवस त्यानं नुसत्या पात्या काढल्या.
साल वेगळी, पोट वेगळं,
सालीतूनही पुन्हा साल,
इतकी पातळ की फुंकर मारली तर उठून बसावी.
भागरताबाईची तोवर नऊ सुपं झाली,
दोन दुरड्या, आणि सरपंचाच्या सुनेचं एक टोपलं.
"येवड्या वेळात माहा आठवडी बाजार होते," ती म्हणाली.
दुभाषी पोरीनं याचं काय केलं कोण जाणे,
म्हातारा मान हलवत राहिला.

तिसऱ्या दिवशी त्यानं विणायला घेतलं.
सहा कोनांची जाळी, भोकाला लागून भोक.
पोरगी सांगत होती, ही टोपली
एका फुलासाठी.
एकाच.
आणि ते फूलही रोज नसतं.

भागरताबाई उठली, जवळ जाऊन उकिडवी बसली,
बोट घातलं एका भोकात.
"अवं, हे तं कोंबडीच्या डालग्याची वीन हाये!"
शेड हसली, छपराच्या पत्र्यासकट.
तिनं शेजारच्या घरचं डालगं मागवलं,
आतली तलंग हुसकावून लावली,
आणि दोन्ही जाळ्या शेजारी-शेजारी ठेवल्या.
म्हातारा बराच वेळ गुडघ्यांवर बसून होता.
डालग्याला विष्ठा लागलेली,
त्यानं पुसली नाही.

संध्याकाळी ती त्याला घरी घेऊन गेली चहाला.
पाच घरं सोडून सहावं,
मागं खोब्रागडीचं रेताड पात्र.
चहा निवत होता
आणि तो वर बघत होता,
चुलीवरच्या आढ्याकडं.
तिथले बांबू गुळाच्या काकवीसारखे झालेले,
कुठं काळे, कुठं तांबूस,
दोरी बांधली होती तिथं मात्र फिकट पट्टा.

पोरगी म्हणाली, यांच्याकडं
जुन्या घरांच्या छपरातून असे बांबू काढतात,
शंभर वर्षं धूर प्यालेले.
त्यांना फार मोल आहे.
हा रंग लावून येत नाही.

भागरताबाईनं बशी खाली ठेवली.
"धूर तं म्या बी पेला.
चाळीस वर्सं, ह्याच चुलीचा.
त्याले म्हना, माहे फुफ्फुसं बी घेऊन जा,
थे बी आसेच रंगले असतीन."

पोरगी माझ्याकडं बघू लागली.
मी आढ्याकडं.
म्हाताऱ्यानं विचारलं असावं, काय म्हणाल्या,
तर ती म्हणाली असावी, चहा घ्या.
पण तो खोकला त्यानं ऐकलाच असेल.
रात्रभर ऐकतो तो आम्ही सगळे,
पाच घरं अलीकडून.

तो गेला. शेडला कुलूप.
चुलीवर आता सिलिंडर ठेवलेलं असतं,
भरलं असलं तर पेटतं,
रिकामं असलं तर त्यावर पोळपाट.

पोळा झाल्यावर एका दुपारी
ती मला शिडी धरायला बोलावते.
आढ्यातून एक बांबू काढते,
त्याच्या जागी हिरवा सरकवते,
"थो आता कायचा रंगते," म्हणते.
कत्ती घालते तर पेरातून बारीक धूळ सांडते,
काळी, हलकी,
तिच्या गुडघ्यांवर, पायाच्या जोडव्यांवर.
ती झटकत नाही.

चार दिवस लागतात.
तिला, जिला एका दिवसात पाच सुपं होतात.
ओंजळीएवढी टोपली,
डालग्याची वीण,
प्रत्येक भोकात अंगणाचा तुकडा.

सोमवारी तिनं ती बाजारात नेली, सुपांच्या ढिगावर.
कुणी म्हणालं, याच्यात काय मावते?
कुणी म्हणालं, जुनी हाये का?
कुणी वीस रुपये म्हणालं.
तिनं उचलून पिशवीत घातली.

आता चुलीमागच्या खिळ्याला असते.
मी परवा डोकावलो तर आत
गॅसचा लायटर होता,
आणि कोंबडीचं एक पीस,
मुद्दाम ठेवलेलं की उडून आलेलं,
विचारायचं राहिलं.