एक जून

आचल नंदनवार, राहणार गोळीबार चौक.
सापडली: फलाट क्रमांक एक, पहाटे पावणेपाच.
जवळ एक सॅक, पुण्याचं तिकीट,
बिस्किटांच्या कारखान्याचं ओळखपत्र,
आणि काल पोळा होता म्हणून
कागदात दोन पुरणपोळ्या.

हरवलेली की पळून आलेली, रकाना विचारतो.
"पळाली नाही म्याडम. निघाली."
या शब्दाला आमच्याकडे रकाना नाही.

सर चांगले आहेत. सुपारी सोडल्यापासून
खडीसाखर चघळत समजावतात:
सतराव्या वर्षी पगार घेता येतो, पोरी,
खोली घेता येत नाही.
करारावर तुझी सही म्हणजे नुसती शाई.
घरी काय झालं ते सांग.
नाही सांगितलंस तरी लगेच धाडणार नाही,
बालगृहात ठेवू.
ती टेबलाच्या कडेचं सनमायका नखानं उचकटते.

दाखल्यावर जन्मतारीख एक जून.
आमच्या कपाटात अर्धं नागपूर एक जूनला जन्मलंय.
मीसुद्धा.
माझ्या मास्तरांनी मला वर्षभर मोठं लिहिलं,
म्हणून सतराव्या वर्षी घर सोडलं तेव्हा
डोक्यावर अक्षता होत्या, कागदावर अठरा पूर्ण,
आणि त्याला कुणी सोडणं म्हणालं नाही.

दुपारी आई येते. पोरीकडे बघत नाही.
जन्म कधीचा, सर विचारतात, सवयीनं.
"पिवळी मारबत निघाली होती जगनाथ बुधवारीतून,
ढोलात माहं ओरडणं कोणाले ऐकू नाही आलं.
दोन हजार सात साल.
मास्तरनं कमी लावलं. म्हणे,
पुढं नोकरीच्या अर्जाले वय पुरते."

म्हणजे आज अठरा.
ही बाई पोरीला न्यायला आली होती.

खडीसाखर थांबते.
आधी शाळेचा दाखला,
तो नसेल तर महापालिकेचा,
तोही नसेल तरच हाडांची तपासणी.
आईचं तोंड या यादीत कुठेच नाही.
एक जून राहतो. अजून नऊ महिने.

"नऊच ना," आई म्हणते,
कोणाला ते कळत नाही.
पोरगी पहिल्यांदा मान वर करते.
खालून, रस्त्यावरून, शंभर गळे:
घेऊन जा गे मारबत.

शेऱ्याच्या रकान्यात मी
आईचं बोलणं जसंच्या तसं टाइप करते, ढोलासकट.
प्रिंटर 'ळ' उमटवत नाही.
पिवळी, ओळखपत्र, पोळ्या,
एकेक पेनानं पुरं करत बसते.