चाळीसच्या आत

नळस्टॉपच्या मागच्या गल्लीत येनपुऱ्यांचं रद्दीचं दुकान.
पेपर चौदा रुपये किलो, वह्या दहा,
"आणि कॉम्प्युटरची पुस्तकं आठ, मॅडम,
ती परत कुणी विकत घेत नाही."

पिशवीच्या तळाशी निघाली निळ्या रेक्झिनची वही:
वेब डिझाइन, बॅच सकाळी सात, दोन हजार तीन.
खळदकर सर, शनिपाराजवळ, दुसरा मजला.
सहा मशीन, बारा पोरं,
वीज गेली की सगळं फळ्यावर.

येनपुऱ्यांनी काटा मोकळा केला.
थांबा, म्हटलं,
आणि उभ्या उभ्याच चाळत बसले.

पान चार: सगळी मांडणी टेबलात करा.
बाद. टेबलात टेबल, त्यात आणखी एक टेबल,
आज कुणी असं करून आणलं
तर मीच त्याला परत पाठवीन.
पान नऊ: सरकता मजकूर, रंग लाल.
हे तेव्हाही बादच होतं, पण आम्हाला फार आवडायचं.
पान अकरा: एका ठिपक्याएवढं पारदर्शक चित्र,
जागा अडवायला.
एसटीत रुमाल टाकतात तसं.
बाद, पण कौतुकानं.
पान पंधरा: दोन ब्राउझर, त्यांची भांडणं, त्यावरचे तोडगे.
दोघेही वारले.
तोडगे मागे राहिले.

तारखेचं गणित तर साफ चुकलेलं,
आणि समासात सरांचंच अक्षर:
माझी चूक. सोमवारी सर्वांनी दुरुस्त करावे.
गणित आता कामाचं नाही.
समासाचं काय करायचं, ते ठरेना.

मग पान तेवीस.
इथे शाई बदललीय, रिफिल संपली असणार.
अख्खं पान चाळीस केबीच्या आत बसवा.
वेल्ह्याच्या बूथवर बसलेला माणूस
मिनिटाचे पैसे मोजतोय. तो डोळ्यांपुढे ठेवा.
आणि खाली:
चित्राला नाव द्या.
चित्र आलंच नाही, किंवा समोरच्याला दिसत नसलं,
तर त्या जागी काय ऐकू यावं, ते लिहा.

गेल्या मंगळवारी हिंजवडीत, चौथ्या मजल्यावर,
आमचं नवं पान नऊ एमबीचं भरलं.
सुफियाननं मोजलं. हसलो.
आमच्या सगळ्यांच्या फोनवर झटकन उघडत होतं.
बुधवारी एका गृहस्थांचा फोन,
डोळ्यांनी दिसत नाही त्यांना, आवाज अगदी शांत:
"तुमचं पैसे भरायचं बटण
मला 'चित्र फायनल दोन' असं म्हणतंय.
दाबू का?"

"घेताय का देताय?" येनपुऱ्यांनी विचारलं.
वही काट्यावर दोनशे ऐंशी ग्रॅम.
म्हणजे दोन रुपये ऐंशी पैसे.
"हवं ते पान फाडून न्या की,
उरलेलं मी घेतो."

फाडायला घेतलंही.
पण पाठीवर पान चोवीस:
लोकांनी आपली चित्रं चोरू नयेत
म्हणून माऊसचं उजवं बटण बंद करण्याची युक्ती.
निव्वळ खुळचटपणा,
तोही माझ्याच अक्षरात, खाली दोन रेघा मारून,
आणि शाई इकडची तिकडे, तिकडची इकडे
आरपार उतरलेली.

पिशवीत वही तशीच परत ठेवली.
येनपुरे काही बोलले नाहीत,
बाकीच्याचे एकवीस रुपये मोजून दिले,
चिल्लर नव्हती, एक गोळी दिली.

सोमवारी सुफियानच्या टेबलावर पान तेवीस उघडं ठेवलं.
त्यानं वाचलं, पुन्हा वाचलं,
मान वर केली.
"चाळीस केबी कळलं.
पण बूथ म्हणजे नक्की काय होतं?"